खडी-डांबर आणि आदी मान्यवर

सोनपेठात लग्नाचा मुहूर्त भटजी काढत असले, तरी लग्न लागतं ते माणिकराव माइक खाली ठेवतात तेव्हा. गेली बावीस वर्षं हाच शिरस्ता आहे. पत्रिकेत बारा पस्तीस छापलेलं असतं. बाराला माणिकराव माइकवर तीन टिचक्या मारतात, घसा साफ करतात आणि "वधूवरांस शुभाशीर्वाद देण्यासाठी अगत्यानं उपस्थित असलेले सन्माननीय..." अशी सुरुवात करून पाहुण्यांची नावं घ्यायला लागतात. ती नावं दीड-दोनपर्यंत चालतात. तोवर नवरदेव घामाघूम होतो, भटजी घड्याळाकडे बघणं सोडून देतात आणि अनुभवी मंडळी मागच्या दारानं जेवूनही घेतात.

माणिकराव हायस्कुलात मुख्य लिपिक. माइकचं काम ते मानाचं म्हणून करत आणि त्याचे नियम त्यांनी स्वतःच घालून घेतले होते. गावाशिवाय नाव घ्यायचं नाही आणि पदाशिवाय तर नाहीच नाही. ज्याला पद नसेल तो प्रगतशील शेतकरी. ज्याला शेतीही नसेल तो सामाजिक कार्यकर्ता. आणि ज्यानं आयुष्यात यातलं काहीच केलेलं नाही, तो ज्येष्ठ मार्गदर्शक. शेवटचा नियम असा, की माइकवरच्या माणसानं स्वतःचं नाव घ्यायचं नाही. वाढप्यानं आधी स्वतःच जेवून घ्यावं तसं ते दिसतं, असं माणिकरावांचं म्हणणं. बावीस वर्षांत त्यांनी निम्म्या तालुक्याची नावं घेतली, पण 'माणिकराव' हे नाव त्या माइकमधून एकदाही बाहेर पडलं नाही.

एवढ्या नेकीच्या माणसाकडून चूक झाली ती एकदाच, नऊ वर्षांपूर्वी. चुलतभावाच्या मुलीचं लग्न होतं. ऊन असं, की नवरदेवाला भोवळ आली. कुणी तरी कांदा शोधायला पळालं, भटजींनी डोळे वटारले आणि माणिकरावांनी घाबरून हातातली शेवटची नऊ नावं 'आदी मान्यवर' या दोन शब्दांत गुंडाळून टाकली. त्या नवांत त्यांचे मेव्हणे होते. बन्सीधरराव, राहणार पाथरी, सहकारी सोसायटीचे माजी उपाध्यक्ष, कमलबाईंचे सख्खे थोरले भाऊ. ते नवा सदरा घालून, कान टवकारून दुसऱ्या रांगेत बसले होते. उठले, न जेवता जीपमध्ये बसले आणि पाथरीला गेले.

नात्याला त्यांनी धक्का लावला नाही, हे सांगायला हवं. दर दिवाळीला ते बहिणीकडे येत. फक्त पाणी पीत. खुर्ची पुढे केली की म्हणत, "नगं. आमी आदी मान्यवर. आमी उभेच बरे." नऊ दिवाळ्या हा माणूस बैठकीत उभा होता. कमलबाई दर वेळी स्वयंपाकघरात जाऊन रडत आणि बाहेर येऊन नवऱ्याकडे अशा बघत, की माणिकराव पेपरात तोंड घालून बाजारभाव वाचायला लागत.

अशात भक्तीचं, म्हणजे माणिकरावांच्या मुलीचं, लग्न ठरलं. स्थळ येलदरीचं, मुलगा वीजकेंद्रात नोकरीला, माणसं साधी. पत्रिकेचा पहिला मान मामाचा, म्हणून नवरा-बायको पाथरीला गेले. बन्सीधररावांनी पत्रिका घेतली, कुंकू लावून घेतलं आणि उभ्या उभ्याच सांगितलं, "भक्ती माझी भाची हाय. तिच्यासाठी येतो. पन माइकवर माझं नाव पदासकट, गावासकट आन दमानं आलं पायजे. न्हाई आलं, तर पोरीला मांडवात दुसऱ्या कोन्या आदी मान्यवरानं आनावं."

नवरीला बोहल्यापर्यंत आणायचं ते मामानं. तिच्या पाठीशी उभं राहायचं तेही मामानं. तेव्हा ही धमकी साधी नव्हती. परतीच्या एसटीत कमलबाई एवढंच म्हणाल्या, "माझा भाऊ त्या दिवशी खुर्चीवर बसला पायजे, जेवला पायजे. बाकी तुमी काय करायचं ते करा."

बाकी करायला फारसं नव्हतंच, पण माणिकरावांच्या लक्षात एक भलतीच अडचण आली. मुलीच्या बापानं मांडवाच्या दारात उभं राहून पाहुणे घ्यायचे असतात. मग माइकवर कोण?

सोनपेठात आपल्यानंतर कुणीच नाही, या गोष्टीचं माणिकरावांना आजवर समाधान वाटत आलेलं. आता घाम फुटला. हायस्कुलातले मराठीचे सर तयार होते, पण ते प्रत्येक नावाआधी स्वतः रचलेल्या चार ओळी म्हणत. त्या हिशेबानं अक्षता दिवेलागणीला पडल्या असत्या. दुसरा एक जण निवडणुकीच्या सभांचा पट्टीचा निवेदक. त्याला नमुना म्हणून पाच नावं घ्यायला सांगितली, तर त्यानं एकाच पुढाऱ्याचं नाव पाच वेळा घेतलं आणि शेवटी घोषणा दिली.

त्या संध्याकाळी जेवताना त्यांचा मुलगा जीवन म्हणाला, "बाबा, आमी करताव की."

आमी म्हणजे जीवन आणि श्रीशैल. श्रीशैल हा शेजारच्या शिवमूर्तीअप्पांचा मुलगा. अप्पांचं बाजारात कापडाचं दुकान, आणि श्रीशैल तिथे दिवसभर गिऱ्हाइकापुढे थान उलगडत आणि गुंडाळत बसलेला. जीवन बी.ए. झालेला, स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांना छान कव्हरं घालून ठेवलेला. दोघं मिळून रॅप करत. गल्लीच्या तोंडाशी एक खडीचा ढीग आणि डांबराची चार पिंपं दोन वर्षं कशाची तरी वाट बघत पडून होती. दोघांची बैठक तिथेच, म्हणून जोडीचं नाव 'खडी-डांबर'. जीवन खडी, कारण तो बोलला की टोचतो. श्रीशैल डांबर, कारण तो एकदा ताल धरला की सोडत नाही.

या जोडीच्या कारकिर्दीचा आढावा घ्यायचा तर तो फार वेळ चालणार नाही. 'रस्ता मंजूर हाय' हे त्यांचं पहिलं गाणं यूट्यूबवर तीन हजारांवर लोकांनी पाहिलं. त्यात श्रीशैलची आई सिद्धम्मा रोज भाकरी थापताना मोबाइल डब्याला टेकवून ते लावत असे, ते आकडेही धरलेले आहेत. एका गणेश मंडळापुढे त्यांचा पहिला जाहीर कार्यक्रम झाला. दुसऱ्या कडव्याला लाइट गेली आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. कशाला वाजवल्या, हा प्रश्न दोघांनी एकमेकांना कधी विचारला नाही. परभणीच्या एका स्पर्धेत त्यांचा तिसरा नंबर आला. स्पर्धेत एकंदर तीनच जोड्या होत्या हे घरात माणिकरावांनाच माहीत होतं, आणि त्यांनी ते शाळेत सांगितलं नव्हतं.

पण पोराच्या कलेबद्दल त्यांचं मत काही चांगलं नव्हतं. "हे गानं न्हाई आन भाषनबी न्हाई," ते म्हणत. "मागं कुत्रं लागल्यावानी बोलायचं, त्यात काय कला?"

तरी मुख्य लिपिकाला साजेल असा निःपक्षपातीपणा म्हणून त्यांनी परीक्षा घ्यायचं ठरवलं. मागच्या लग्नाच्या चार चिठ्ठ्यांपैकी एक काढली. चौसष्ट नावं. शाळेतलं धावण्याच्या शर्यतीचं घड्याळ आणलं. आधी स्वतः वाचली, बावीस मिनिटं लागली. मग श्रीशैलनं मोबाइलवर ताल लावला, जीवननं चिठ्ठी धरली आणि दोघांनी आळीपाळीनं सुरू केलं.

"शेळगावचे सखारामजी, सोसायटीचे चेअरमन,
आले उन्हातानातून, घेऊन मोठं मन!"

चार मिनिटं दहा सेकंद. पदासकट, गावासकट. एकही नाव गिळलेलं नाही. कमलबाई हातातली लसूण तशीच ठेवून बघत राहिल्या.

"श्वास कुठं घेता रे?" माणिकरावांनी विचारलं. त्यांना आणखी काय विचारावं ते सुचेना.

"पदाच्या अलीकडं," जीवन म्हणाला.

माणिकराव उठून अंगणात गेले. बावीस वर्षांचं आपलं काम चार मिनिटांचं निघालं, हे माणसाला एकदम पचत नाही. थोड्या वेळानं आत येऊन त्यांनी एकच हरकत घेतली. प्रत्येक नावापुढचं 'सन्माननीय' कुठे गेलं?

"बाबा, पाच अक्षरं हायत त्याच्यात. तेवढ्यात एक अख्खा मानूस बसतो."

"मानूस बसंल रे, पन इज्जत उभी ऱ्हाईल न्हवं!"

दोन दिवस हा वाद चालला. शेवटी तोडगा माणिकरावांनीच काढला. प्रत्येक गावाच्या सुरुवातीला एकदाच 'सन्माननीय' म्हणायचं आणि खालच्या सगळ्यांना ते 'वरीलप्रमाणे' लागू समजायचं. कचेरीत तीस वर्षं काढलेल्या माणसालाच हे सुचू शकतं.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. शिवमूर्तीअप्पांनी दुकानात एक वाक्य बोलून ते बिघडवलं. लग्नाचा बस्ता बांधायला आलेल्या गिऱ्हाइकांना ते कौतुकानं म्हणाले, "आमच्या पोरायनं चौसष्ट नावं चार मिनिटात उडिवली. आता यादीत लय जागा शिल्लक हाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी सातपासून माणिकरावांकडे माणसं यायला लागली. हातात चिठ्ठी. चिठ्ठीत नाव, गाव, पद. एका गृहस्थांनी स्वतःच्या नावापुढे 'नियोजित सरपंच' लिहिलं होतं. कुणी नियोजलंय, असं विचारल्यावर ते म्हणाले, "मीच." दूधवाल्याला पुण्यातल्या भावाचं नाव हवं होतं. भाऊ लग्नाला येणार नव्हता, पण यावं असं त्याला लय वाटत होतं म्हणे. माणिकरावांनी त्यासाठी 'मनाने उपस्थित' असा वेगळा गट केला, तर दोन दिवसांत त्या गटात एकवीस जण झाले. अप्पा रोज संध्याकाळी ओट्यावर बसून सल्ले देत. "कोनाला न्हाई म्हनू नका माणिकराव. नाव घ्यायला काय पीठ लागतंय व्हय?"

माणिकराव एरवी न्हाई म्हणाले असते. पण न्हाई म्हटलं, की तो माणूस 'आदी मान्यवर' झाला. आणि पोरीच्या लग्नात एकही माणूस आदी मान्यवर होऊ द्यायचा नाही, अशी त्यांनी मनोमन शपथ घेतली होती. त्यांनी शाळेत असतं तसलं लांब रजिस्टर आणलं, रकाने आखले आणि एकेक नाव अनुक्रमांकानं चढवलं. गावं डिघोळ, नरवाडी, खडका अशी ओळीनं, प्रत्येकाचा 'सन्माननीय' लाल शाईत. नावं झाली चारशे बारा.

बन्सीधररावांची चिठ्ठी मात्र त्यांनी सगळ्यांच्या आधी, स्वतःच्या हातानं, चांगल्या कागदावर लिहिली होती. या शेकडो चिठ्ठ्यांच्या ढिगात ती इकडेतिकडे होऊ नये म्हणून ती वेगळी काढून चष्म्याच्या डबीत ठेवली. दिवसातून दहा वेळा डबी उघडायची, दहा वेळा ती चिठ्ठी दिसायची, आणि दर वेळी त्यांना बरं वाटायचं. सगळ्यात महत्त्वाचं नाव सुरक्षित आहे.

मग पोलीस ठाण्यातून माइकची परवानगी. अर्ज साधा होता. दुसऱ्या कुणीही 'लग्न' असं लिहून सही केली असती. पण कार्यक्रमाचं स्वरूप या रकान्यात माणिकरावांनी जे खरं ते लिहिलं: 'विवाह, तसेच उपस्थितांचे तालबद्ध नामवाचन (दोन कलावंत).'

खिडकीतल्या साहेबांनी ते दोनदा वाचलं. सभ्य माणूस होता, माणिकरावांसारखाच नियमाचा. "कलावंत म्हटल्यावर हा सांस्कृतिक कार्यक्रम झाला बाबूजी," ते म्हणाले. "त्याला वेगळा फॉर्म हाय. आन सादर होनारा मजकूर दोन प्रतीत जोडायचा."

"मजकूर म्हंजे नावंच हायत."

"मग नावं जोडा."

दुसरा कुणी चिडला असता. माणिकरावांना तो माणूस आवडला. त्यांनी दोन रात्री जागून चारशे बारा नावांच्या दोन स्वच्छ प्रती काढल्या, रजिस्टरशी तीनदा ताडून पाहिल्या आणि सादर केल्या. एकही फरक निघाला नाही. निघणार कुठून? साहेबांनी पानापानावर शिक्का मारला. शेवटच्या पानावर लिहिलं, 'मंजूर. बदल करावयाचा असल्यास नव्याने अर्ज करावा.'

असली शिक्केवाली यादी सोनपेठात याआधी कुणाच्या लग्नात नव्हती. माणिकरावांनी ती दोघा कलावंतांसमोर धरली आणि बजावलं, "या यादीबाहेरचं एकबी नाव तोंडातून निघालं न्हाई पायजे. सोता कलेक्टर मांडवात आले तरी न्हाई."

"आन तुमी सांगितलं तर?" श्रीशैलनं विचारलं.

"मी सांगितलं तरी न्हाई," माणिकराव म्हणाले. हे वाक्य त्यांना पुढे चांगलंच भोवलं.

लग्नाच्या दिवशी ते फेटा बांधून मांडवाच्या दारात उभे राहिले. शेजारी बन्सीधरराव, तेही फेट्यात. आले होते, पण अजून कशाला शिवले नव्हते, पाण्यालाही नाही. बारा वाजता माइकवर तीन टिचक्या वाजल्या. माणिकरावांच्या बोटांना उगीचच सवयीनं हालचाल झाली. मग श्रीशैलचा ताल सुरू झाला. म्हाताऱ्यांनी कानांवर हात ठेवले. एका आजोबांनी विचारलं, "हे काय, बोअर मारायलेत काय?"

आणि जीवन ओरडला, "डिघोळ आलंय का?"

असं आजवर कुणी विचारलेलं नव्हतं. मग मागून, जिथे डिघोळची मंडळी बिचकून बसली होती तिथून, एकच आवाज आला, "हाय!"

त्यानंतर काही विचारू नका. डिघोळच्या अठरा जणांची नावं झाली आणि प्रत्येक नावाला अख्खं डिघोळ "हाय!" म्हणालं. मग नरवाडी. नरवाडीला डिघोळपेक्षा कमी ओरडायचं नव्हतं. खडक्याची माणसं आपला नंबर यायच्या आधीच उभी राहिली. बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या आणि आपल्या घरच्याचं नाव आलं की त्याच्या पाठीत थाप मारत होत्या. मागच्या दारानं जेवायला निघालेले लोक हात धुऊन परत आले. येलदरीच्या व्याह्यांनी तर कोट काढून खुर्चीवर ठेवला आणि टाळ्यांवर ताल धरला. बोअरची चौकशी करणारे आजोबा आपलं नाव झाल्यावर म्हणाले, "पुन्ना एकदा म्हना." माणिकराव दारात उभ्या उभ्या गालात हसत होते, आणि ते त्यांच्या लक्षातही आलं नव्हतं.

बारा अठ्ठावीसला चारशे बारावं नाव झालं. ताल थांबला. जीवननं दम घेतला आणि ठरल्याप्रमाणे म्हणाला, "नवरीच्या मामांनी नवरीला मंडपात घेऊन यावे."

कुणी हललं नाही.

माणिकरावांनी शेजारी पाहिलं. बन्सीधररावांनी फेटा काढून हातात घेतला होता. त्यांचा चेहरा रागावलेला नव्हता, हेच वाईट होतं. ते हळूच म्हणाले, "आजबी न्हाईच का, भावजी?" आणि मांडवाबाहेरच्या लिंबाखाली जाऊन उभे राहिले.

हे कसं होईल? नाव आहे! आपण रोज बघतो! माणिकरावांनी खिशातली डबी काढली. चिठ्ठी तिथेच होती, घडीही मोडली नव्हती. डबीतून ती कधी रजिस्टरात गेलीच नव्हती. आणि रजिस्टरात नव्हती, म्हणून कुठेच नव्हती.

फेटा सावरत ते मांडवातून पळाले. वाटेत एका कुलरची वायर पायात आली, एक बूट तिथेच राहिला. स्टेजवर चढून त्यांनी चिठ्ठी जीवनच्या हातात कोंबली. "हे घे. हे एक नाव राह्यलं."

जीवननं चिठ्ठी वाचली. मामाचं नाव बघून त्याचाही चेहरा उतरला. पण श्रीशैल डांबर, एकदा धरलं की सोडायचं नाही. तो म्हणाला, "काका, यादीत न्हाई हे. तुमी सांगितलं तरी घ्यायचं न्हाई, असं तुमीच सांगितलं."

माणिकरावांनी यादीवरच्या शिक्क्याकडे पाहिलं. तीस वर्षांच्या नोकरीत त्यांनी शिक्क्याबाहेर एक अक्षर लिहिलं नव्हतं. मग त्यांनी बायकोकडे पाहिलं. कमलबाई आतल्या खोलीच्या दाराशी, नवरीच्या वेशातल्या भक्तीचा हात धरून उभ्या होत्या.

"आण तो माइक," माणिकराव म्हणाले.

त्यांनी सवयीनं तीन टिचक्या मारल्या. घसा साफ केला. श्रीशैलनं ताल लावला, तो फार जोरात पळत होता. माणिकरावांनी हातानं त्याला खूण केली. दमानं. श्रीशैलनं ताल कमी कमी करत अगदी चालण्याच्या गतीवर आणला.

"सन्माननीय," माणिकराव म्हणाले. "वरीलप्रमाणे न्हाई. वेगळं. सन्माननीय श्री. बन्सीधरराव. राहणार पाथरी. सहकारी सोसायटीचे माजी उपाध्यक्ष." चिठ्ठीत इतकंच होतं. पण माइक काही त्यांच्यानं खाली ठेववेना. "जीवनच्या बारशाला पाथरीहून डोक्यावर पाळणा घेऊन आलेले. भक्ती दोन वर्षांची असताना तापली, तर जीपच्या टपावर बसून, औषध छातीशी धरून आलेले. माझ्या घरात नऊ वर्षं उभे राह्यलेले." ताल संथ वाजत होता. "आन नऊ वर्षांखाली, याच माइकवरून, ज्यांना मी आदी मान्यवर म्हनलो, ते. चूक माझी होती. आजचीबी माझीच हाय."

मग लिंबाखालून खणखणीत आवाज आला, "उपाध्यक्ष दोन डाव होतो!"

"दोन वेळा माजी उपाध्यक्ष!" माणिकराव ओरडले.

"पाथरी आलीय का?" जीवननं दुसरा माइक ओढून विचारलं. पाथरीहून आलेला माणूस एकटाच होता. पण डिघोळ, नरवाडी, खडका, येलदरी अशी सगळी गावं मिळून ओरडली, "हाय!"

बन्सीधररावांनी फेटा डोक्यावर ठेवला, तो तिरपा बसला, तसाच राहू दिला आणि भाचीला आणायला गेले. कमलबाई त्या दिवशी सगळ्यांदेखत रडल्या, स्वयंपाकघरात गेल्या नाहीत.

बरोबर बारा पस्तीसला अक्षता पडल्या. पत्रिकेत छापलेल्या वेळेला लग्न लागायची सोनपेठातली ही पहिलीच खेप, आणि त्यानंच घोटाळा झाला. पत्रिकेवर कधीच विश्वास न ठेवणारे शंभर-दीडशे पाहुणे नेहमीप्रमाणे दीडला आले. बघतात तर नवरा-नवरी सोफ्यावर आणि पंगत बसलेली.

"आमचं नाव?" नियोजित सरपंचांनी विचारलं.

"झालं," अप्पा म्हणाले.

"आमी ऐकलं न्हाई, म्हंजे झालं न्हाई."

म्हणून चारशे बारा नावं जेवणाच्या वेळी पुन्हा घेण्यात आली. माणिकराव एका पायात बूट, एका पायात कुणाची तरी चप्पल अशा अवस्थेत पंगतीत बुंदी वाढत होते. बन्सीधरराव खुर्चीवर बसून जेवत होते. त्यांनी दोनदा वरण मागून घेतलं, हे माणिकरावांनी मनात नोंदवलं. गावं येत होती, जात होती, "हाय" मात्र आता तोंडात घास घेऊन निघत होतं. शेवटी पाथरी झाली. एक नंबर जादा, चारशे तेरा. माणिकराव पुढच्या पत्रावळीकडे वळले.

ताल थांबला. पण माइक बंद झाला नाही. जीवननं एक टिचकी मारली, मग दुसरी, मग तिसरी. घसा साफ केला.

"सन्माननीय," तो म्हणाला. ताल नाही, घाई नाही, अगदी बापाच्या चालीवर. "श्री. माणिकराव. राहणार सोनपेठ. मुख्य लिपिक. बावीस वर्षं तुमा सगळ्यांची नावं घेणारे."

माणिकरावांच्या हातातला बुंदीचा झारा तसाच हवेत राहिला. समोरचा पाहुणा पत्रावळ पुढे करून वाट बघत होता, त्याला वाढायचं त्यांना सुचेना. बावीस वर्षांत हे नाव माइकमधून कसं ऐकू येतं ते त्यांना माहीतच नव्हतं. चांगलं ऐकू येत होतं. मग अख्खी पंगत, खाली बसलेली आणि खुर्चीवरची, घास बाजूला ठेवून ओरडली, "हाय!" त्यात सगळ्यात मोठा आवाज पाथरीचा होता.

पुढचं थोडक्यात. त्या सिझनला खडी-डांबरला एकोणीस लग्नं, चार बारशी आणि एक निरोप समारंभ मिळाला. सिद्धम्मा आता भाकरी थापताना भक्तीच्या लग्नाचा व्हिडिओ लावतात. तो पाहणाऱ्यांचा आकडा इतका मोठा आहे, की त्यातले त्यांचे किती हे कुणी मोजत नाही. माणिकराव जोडीबरोबर जातात, यादी तपासतात आणि जिथे नाव दमानं घ्यायचं असेल तिथे स्वतः माइक घेतात. कुणी विचारलं तर सांगतात, "आमी तिघं हाव."

पण त्याआधी, लग्नानंतरच्या सोमवारी, ते परवानगीच्या खिडकीवर गेले होते. कुणी बोलावलं नव्हतं. त्यांनी स्वतःहून अर्ज केला, की मंजूर यादीव्यतिरिक्त दोन नावं घेण्यात आली, सबब खुलासा सादर. पहिल्या नावापुढे कारण लिहिलं: 'माझ्या चुकीने राहिले होते, म्हणून मीच घेतले.' दुसऱ्या नावापुढचा रकाना त्यांनी बराच वेळ मोकळा ठेवला. पेनाचं टोपण दोनदा लावलं, दोनदा काढलं. मग लिहिलं: 'मुलाने घेतले.'

साहेबांनी वाचलं, वर पाहिलं, शिक्का मारला आणि पोच दिली. माणिकरावांनी तिची बारीक घडी घातली आणि चष्म्याच्या डबीत ठेवली.